दारावर म्हणायच्या कविता

भोंगा हे काही आईबापांनी ठेवलेलं नाव नव्हे. कापडगिरणीच्या मागखात्यातल्या बायांनी ते ठेवलं आणि ते इतकं चिकटलं, की कुणी तिच्या खऱ्या नावानं हाक मारली तर ती स्वतःच मागे वळून बघायची, कुठली बाई आली म्हणून. नाव पडलं ते आवाजावरून. ऐन तरुणपणापासून मागांच्या खडखडाटात उभ्या राहिलेल्या बाईचे कान जड होतात, आणि कान जड झाले की आवाज आपोआप चढतो. भोंगा दुकानात साबणाची वडी मागायची, तर रस्त्यापलीकडचा न्हावी कात्री थांबवायचा. "घ्या हो, तिला आधी द्या," असं तो तिथूनच ओरडायचा, "माझ्या गिऱ्हाइकाचा कान जाईल!"

मागखात्यात मात्र तिचा आवाज कुणी कधी ऐकला नव्हता. तिथं कुणाचाच आवाज कुणाला ऐकू येत नसे. लांबलचक शेड, दोन्हीकडे मागांच्या रांगा, आणि प्रत्येक मागावर धागा वाहून नेणारा लोखंडी टोकाचा धोटा इकडून तिकडे आपटत असलेला. त्या गदारोळात बाया ओठांनी बोलायच्या. घशातून आवाज काढायचाच नाही, तोंड नीट उघडायचं, शब्द ओठांवर ठेवायचा आणि समोरचीनं तो डोळ्यांनी उचलायचा. शेडच्या एका टोकाला कुणाच्या सासूचा विषय निघाला, की चहाच्या सुट्टीआधी तो दुसऱ्या टोकाला पोचलेला असायचा, मीठमसाल्यासकट. या बोलण्याची एकच रीत होती. आपलं ऐकायचं नसेल तर पाठ फिरवायची. पाठ फिरली म्हणजे कान बंद. भांडणातही कुणी ती रीत मोडत नसे.

भोंग्याला हे बोलणं शिकवलं तिच्या आत्यानं. आत्या त्याच शेडमध्ये म्हातारी झाली, पार बहिरी होऊन घरी बसली, आणि आता खाटेवर बसल्या बसल्या सगळ्या गल्लीची तोंडं वाचायची. भोंगा तिच्याजवळच राहायची. लग्न तिनं केलं नव्हतं. स्थळ घेऊन येणाऱ्यांना आत्या परस्पर सांगायची, "तिला घोरणारा माणूस चालत नाही आणि न घोरणारा मला अजून भेटला नाही."

कविता भोंग्याकडे कधी आली, हे मात्र सगळ्यांना माहीत होतं, कारण ते सगळ्यांनी पाहिलं होतं. शेजारच्या मागावरचा धोटा एका दुपारी वाटेतून उडाला आणि समोर उभ्या असलेल्या विणकरणीच्या डोळ्यात घुसला. बाई किंचाळली असणार, तिचं तोंड तसं उघडलं होतं. आवाज कुणालाच आला नाही. रक्त तिच्या गालावरून मागावरच्या पांढऱ्या कापडावर सांडलं. तिला उचलून नेलं, मुकादमानं रक्ताचा तुकडा कात्रीनं कापून काढला, धोटा पुसला आणि माग पुन्हा चालू केला. भोंगा आपल्या मागापाशी उभी होती. तिचे ओठ हलायला लागले:

पांढऱ्यावर पडलं ते पाप,
त्यांनी मापानं कापलं, फेकलं.
बाई, तुझ्या बुबुळाएवढं भोक
आमच्या पुऱ्या ठाणाला पडलंय.

समोरच्या बाईनं ते वाचलं आणि तिच्या पुढच्या बाईला सांगितलं. पाळी सुटेपर्यंत त्या ओळी शेडभर फिरून भोंग्याकडे परत आल्या होत्या, आणि एक शब्दही बदललेला नव्हता. त्यानंतर ती करतच गेली. तिच्या कवितांत प, ब, म, व फार यायचे. ते ओठांवर दिसतात. घशातली अक्षरं ती होईल तितकी टाळायची. "गळ्यातलं दुःख मला परवडत नाही," ती म्हणायची, "दिसायला पाहिजे."

आणि दिसण्यासारखं पुष्कळ होतं. बाया हात वर करून तुटलेला धागा जोडायच्या, तेव्हा बाह्या खाली सरकायच्या. दंडावर निळे डाग, मनगटावर बोटांचे ठसे, मानेजवळ सिगारेटनं भाजल्याचे चट्टे. एकीच्या नवऱ्यानं तिचं डोकं दाराच्या चौकटीवर आपटलं होतं आणि ती कपाळाला रुमाल बांधून कामावर आली होती. रुमालाखालून रक्त झिरपत होतं आणि ती धागा जोडत होती. त्या दिवशी भोंगा सुट्टीत बायांना म्हणाली, "मी हे इथं किती दिवस सांगू? जे माहीत आहे ते तुम्हालाच पुन्हा सांगतेय. ज्याला सांगायला पाहिजे तो घरी आहे."

"मग घरी जाऊन सांग," कुणीतरी थट्टेनं म्हणालं.

पाळी सुटल्यावर त्या खरोखरच गेल्या. डब्याच्या पिशव्या हातात, केसांत कापसाची भुसभुस, अशा त्या नवऱ्याच्या दारासमोर जाऊन उभ्या राहिल्या. शिव्या नाहीत, घोषणा नाहीत. भोंग्यानं आपल्या त्या भसाड्या आवाजात कविता म्हटली आणि बाकीच्यांनी ती मागून म्हटली, पुन्हा पुन्हा, तो बाहेर येईपर्यंत. तो आला. आधी हसला, मग त्यानं दरडावलं, मग शेजाऱ्यांच्या खिडक्यांकडे बघून आत गेला आणि दार लावून बसला. दुसऱ्या दिवशी बाई रुमाल काढून कामावर आली. पुढं कित्येक दिवस तिच्या अंगावर डाग दिसला नाही.

यालाच त्या पुढं 'दार' म्हणू लागल्या. "आज दार आहे," एवढं ओठांवर आलं, की ज्यांना जमेल त्या थांबायच्या. दाराचे नियम बनत गेले. हात कुणी उचलायचा नाही. आणि कवितेत तीन गोष्टी आल्याच पाहिजेत: कशानं मारलं, कुठं मारलं आणि का मारलं. या तिसऱ्या गोष्टीवरून पुष्कळ वाद झाले. "कारण कशाला?" बाया म्हणायच्या. "तो म्हणेल, ती उलट बोलली. म्हणजे आपणच त्याची वकिली करायची?" भोंगा हटली नाही. "कारण मोठ्यानं म्हणायचं. चारचौघांत म्हटलं की ते केवढंसं आहे ते कळतं. कुठलंच कारण त्या वळाएवढं भरत नाही."

वकीलबाई त्यांच्यात आली ती या दारांची बातमी ऐकून. मार खाणाऱ्या बायांसाठी तिची संघटना होती, शिवणयंत्रांच्या दुकानावर एक खोली होती, कोर्टात खटले होते. भोंग्याच्या कविता तिनं फलकांवर रंगवल्या, सभांतून म्हणवल्या. बाई सज्जन होती, कामाला वाघीण होती, आणि तिचा चष्मा नेहमी कपाळावर असून ती तो नेहमी पिशवीत शोधत असायची.

कांडी या सगळ्यात होती, पण मागच्या ओळीत. मागाला लागणाऱ्या बाण्याच्या, म्हणजे आडव्या धाग्याच्या, कांड्या भरण्याचं तिचं काम. भरलेल्या कांड्यांची हातगाडी ढकलत ती रांगेतून जायची आणि स्वतःही कांडीसारखीच बारीक, म्हणून तेच नाव पडलं. चारजणींसमोर तोंड उघडायची वेळ आली की तिचे कान लाल व्हायचे. पण ओठांवर ती तिखट होती. एकदा भोंग्यानं नवी कविता म्हटली, तेव्हा कांडी गाडी थांबवून म्हणाली, आवाज न करता, "शेवटची ओळ पडते."

"पडते तर उचल की," भोंगा म्हणाली.

कांडीनं उचलली. ओळ खरंच सुधारली. त्यानंतर भोंग्याच्या मागावरच्या कांड्या जरा जास्तच वेळा संपायला लागल्या. आधी नजर, मग गाडीच्या दांड्यावर हातावर हात, मग एका रविवारी आत्या दवाखान्यात गेलेली असताना भोंग्याच्या खोलीत, खाटेवर, दुपारभर. भोंगा तेव्हा चाळिशीला टेकलेली. इतकी वर्षं आपल्यात जे कमी आहे असं ती समजत होती, ते काही कमी नव्हतंच, ते कुठंतरी दुसरीकडेच ठेवलेलं होतं, असं तिला त्या दुपारी वाटलं. आत्या परत आली, तिनं दोघींच्या चेहऱ्यांकडे पाहिलं आणि म्हणाली, "चहा टाका. आणि तोंड खाली घालून हसू नका, मला हनुवटीवरूनही कळतं."

शेडमध्ये त्या जपून असायच्या, कारण तिथं शंभर डोळे वाचणारे. बाहेर मात्र त्या निर्धास्त होत्या. बाहेरच्या जगाला ओठांचं बोलणं कळत नाही, हा त्यांचा भरवसा. कांडी आपल्या थोरल्या भावाकडे राहायची. तो त्याच शेडमध्ये जॉबर होता, म्हणजे माग बिघडला की दुरुस्त करणारा. जॉबरची मर्जी फिरली तर बाईचा माग दिवसभर बंद राहायचा, म्हणून बाया त्याला वचकून असत. त्याच्या घराचा सज्जा रस्त्यावर होता आणि समोरच बसचा थांबा. कामाच्या आधी भोंगा थांब्यावर उभी राहायची, कांडी सज्जात कपडे वाळत घालायची, आणि रहदारीच्या डोक्यावरून दोघी मनसोक्त बोलायच्या. जॉबरला ओठांचं बोलणं येतं हे कांडीला ठाऊक होतं. म्हणून तो समोर असला की ती गप्प, आणि त्यानं पाठ फिरवली की सुरू.

त्या सकाळी तो सज्जाच्या दाराशी उभा राहून दाढी करत होता. पाठ रस्त्याकडे होती. पाठ फिरली म्हणजे कान बंद. शेडमध्ये जन्म काढलेल्या बाईचं अंग तसंच चालतं, तिथं विचार करावा लागत नाही. भोंगा थांब्यावरून म्हणाली, "परवा तू माझ्या मानेवर ओठ ठेवलेस, ती जागा अजून झोपली नाही." कांडी हसली आणि म्हणाली, "तिला म्हणावं, मी रविवारी येते झोपवायला."

जॉबरच्या समोर, खिळ्याला टांगलेल्या आरशात, थांब्यावरच्या भोंग्याचं तोंड स्वच्छ दिसत होतं. आणि आरशाच्या कोपऱ्यात कांडीचं.

त्यानं दाढी पुरी केली. तोंड धुतलं, वस्तरा पुसून ठेवला. मग सज्जाचं दार आतून लावलं. मागाला लागणारा चामड्याचा जाड पट्टा त्याच्या कामाच्या पिशवीत होता. भोंग्याला थांब्यावरून फक्त लागलेलं दार दिसलं, आणि बस आली.

त्या दिवशी कांड्यांची गाडी दुसरीनंच आणली. दुसऱ्या दिवशीही. तिसऱ्या दिवशी जॉबरच्या शेजारची बाई भोंग्याला सुट्टीत म्हणाली, "तिला कोंडलंय. पाठीची पार चाळण केली. हातावर पाना घातला, उजव्या मनगटावर. हाड वाजलं ते मला भिंतीतून ऐकू आलं. आणि रोज मारतो गं. कामावरून येतो, हातपाय धुतो आणि मारतो. अशानं आठवड्यात मरेल ती."

पाळी सुटल्यावर भोंगा तशीच संघटनेच्या खोलीवर गेली. बाया जमल्या होत्या, वकीलबाई चष्मा शोधत होती.

"दार पाहिजे," भोंगा म्हणाली.

"कुणाचं?"

"जॉबरचं."

बाया एकमेकींकडे बघायला लागल्या. एक म्हणाली, "नवऱ्याचं दार वेगळं बाई. ह्याच्या दारावर गेलो तर उद्या आमचे माग कोण बघणार?" दुसरी म्हणाली, "आणि कारण काय?"

भोंगा काही बोलणार, तोच वकीलबाईनं तिचा दंड धरला आणि तिला जिन्यात नेलं.

"मला माहीत आहे," ती हळू म्हणाली. "मला डोळे आहेत, कपाळावर चष्मा असला तरी."

"मग चला."

"ऐक. खटल्यांची सुनावणी तोंडावर आली आहे. नवऱ्यांचे वकील वाटच बघताहेत, की ह्या बाया नवऱ्यांना सोडायला का शिकवतात, तर ह्यांना स्वतःला बाया हव्यात, असं म्हणायला कधी मिळतं. तू त्यांच्या हातात ते देणार. वर बसल्यात त्यांतल्या अर्ध्या तुझ्याबरोबर यायच्या नाहीत."

"म्हणजे खटला उभा राहीपर्यंत तिनं मरून जावं?"

"मरू दे कुठं म्हणते मी? कारण बदल म्हणते. ती आपल्या सभांना येते हे त्याला आवडत नाही. ते तरी खोटं आहे का?"

भोंगा जिन्याच्या कठड्याला धरून उभी राहिली. आजवर एकाही दारावर ती खोटं बोलली नव्हती. पण आजवर दाराच्या आत तिची कुणी नव्हती. खरं बोलून एकटी गेली असती तर जॉबरनं तिला दोन लाथांत परत पाठवलं असतं आणि आतलीला आणखी मारलं असतं. कांडी जिवंत बाहेर यायची, तर बाया हव्यात, आणि बाया हव्यात तर कारण सोसवेल असं हवं. "बरं," ती म्हणाली. तिनं जिन्यातच कविता जुळवली. तिला स्वतःलाच ती आवडली नाही, पण म्हणता येण्यासारखी होती.

सभेचं कारण ऐकल्यावर बायांनी मागांची भीती बाजूला ठेवली आणि संध्याकाळी त्या निघाल्या. आत्याही आली, काठी टेकत. "मला काही ऐकू येत नाही," ती म्हणाली, "म्हणजे त्याच्या शिव्या फुकट जातील." वकीलबाई सोबत होती. जॉबरच्या दारासमोर गल्ली भरली. वरच्या गजांच्या खिडकीत एक चेहरा आला. तो कांडीचा आहे हे कळायला भोंग्यालाही क्षण लागला, कारण एक डोळा पुरता मिटला होता आणि ओठ सुजून बाहेर आले होते.

भोंग्यानं आवाज लावला:

पट्ट्यानं पाठ फोडली, पान्यानं मनगट,
का? बाई सभेला बसली म्हणून.
बसू दे, बोलू दे, बाहेर येऊ दे.

बायांनी मागून म्हटलं. एकदा, दोनदा. दार उघडलं. जॉबर बाहेर आला, हातात तोच लांब लोखंडी पाना. त्यानं गर्दीवरून नजर फिरवली आणि तो हसला.

"सभेला बसली म्हणून?" तो म्हणाला. "तुमचा भोंगा खोटा वाजायला कधीपासून लागला? कारण मी सांगतो. माझी बहीण ह्या बाईच्या अंथरुणात जाते. मी माझ्या डोळ्यांनी वाचलंय, दोघींच्या तोंडावरून. विचारा तिला. आणि मग माझ्या दारात उभं राहायची लाज वाटते का ते मला सांगा."

कुणीतरी मागून म्हणालं, "भोंग्या, खोटं आहे म्हण ना त्याला." दुसरी म्हणाली, "सांगून टाक गं, नाही म्हणून." त्या मनापासून सांगत होत्या. एवढा एक शब्द तिनं दिला असता तर त्या तिथंच उभ्या राहिल्या असत्या, रात्र झाली असती तरी. वकीलबाईनं डोळे मिटून घेतले होते.

भोंग्यानं वर पाहिलं. गजांमागच्या चेहऱ्यातला तो एक उघडा डोळा तिच्या तोंडाकडे लागला होता. कांडीला तिथवर आवाज पोचो न पोचो, ओठ दिसत होते. 'नाही' हा शब्द ओठांवर कसा दिसतो, हे भोंग्याला पक्कं ठाऊक होतं.

"खरं आहे," ती म्हणाली, आणि कपाळावरचा घाम पुसला. "मघाशी मी खोटं बोलले. आता खरं दार ऐका."

आणि तिनं म्हणायला सुरुवात केली:

का मारलं ते मला विचारा.
माझ्या मानेवर तिनं ओठ ठेवले म्हणून मारलं—

पान्याचा घाव तिच्या जबड्यावर बसला. कडाड असा आवाज झाला, आणि तो सगळ्यांना ऐकू आला, शेडमधल्यासारखा हरवला नाही. भोंगा गुडघ्यावर आली. तोंडातून रक्त आणि त्यात दात असं काहीतरी दगडी फरशीवर पडलं. खालचा जबडा एका बाजूला सरकून लोंबत होता. तिनं तो तळहातानं वर धरला, उभी राहिली, बायांकडे तोंड केलं. आवाज निघत नव्हता. ओठ मात्र हलत होते.

बायांना ते वाचता येत होतं. नको असलं तरी येत होतं. काहींनी पाठ फिरवली. पाठ फिरवणाऱ्यांमध्ये ती बाईही होती, जिच्यासाठी त्यांनी पहिलं दार केलं होतं, कपाळाच्या रुमालवाली. ती गल्लीतून निघाली आणि तिच्यामागून आणखी पुष्कळजणी. उरलेल्या तिथंच थांबल्या. मग काठीवर रेललेल्या आत्यानं, जिला जगातला कसलाच आवाज येत नव्हता, आपल्या भाचीच्या फुटक्या तोंडावरून एकेक शब्द उचलून, बहिऱ्या माणसाच्या उंच, वेड्यावाकड्या आवाजात म्हणायला घेतलं:

मीही ठेवले. पुन्हा ठेवीन.
वळ बघायला आलात बायांनो,
तर ओठांची खूणही बघा.
पट्टा आणि ओठ, दोन्ही बाईच्याच अंगावर.
कशाची भीती वाटते, ते मला सांगा.

"थेरडे!" म्हणत जॉबर आत्याकडे वळला आणि त्यानं पाना उचलला. मग जे झालं ते दाराच्या नियमात बसणारं नव्हतं. ज्या बायांनी एवढ्या दारांवर कधी बोटही उचललं नव्हतं, त्या उरल्यासुरल्या बाया त्याच्यावर पडल्या. पत्र्याचे जड डबे होते त्यांच्या हातांत. एक डबा कपाळावर बसला, एक नाकावर. पाना हातातून सुटला आणि त्याच पान्यानं कुणीतरी त्याची बोटं ठेचली. ती कुणी ठेचली हे पुढं कोर्टात कुणालाच आठवलं नाही. तो पडला तरी त्या थांबेनात. वर्षानुवर्षं सोसलेलं सगळं त्या एका माणसावर उतरत होतं, त्यातलं बरंचसं त्यानं केलेलंही नव्हतं. वकीलबाई "पुरे! पुरे! मरेल तो!" असं ओरडत मध्ये पडली, तिचा चष्मा फुटला, काच भुवईत घुसली. शेवटी तिनंच त्याच्या अंगावर आडवं पडून त्याला वाचवलं.

भोंग्याला यातलं काही दिसलं नाही. ती जिना चढत होती, एका हातानं जबडा धरून, दुसऱ्या हातानं भिंत. खोलीला बाहेरून कडी होती. तिनं ती काढली. कांडी दाराशीच उभी होती, मोडलेलं मनगट छातीशी धरून. दोघींपैकी एकीलाही बोलता येत नव्हतं, आणि मिठी मारायची तर कुठं हात लावावा असं अंग एकीचंही राहिलं नव्हतं. मग कांडीनं आपलं कपाळ भोंग्याच्या खांद्याला टेकलं. तेवढी एक जागा शाबूत होती.

पुढचं पुढच्यासारखं झालं. जॉबर जगला, पण त्याची बोटं पान्यावर पुन्हा कधी नीट मिटली नाहीत. बायांवर खटला झाला. काहींना तुरुंग लागला, त्यात भोंगाही, जिनं त्याला हात लावला नव्हता. तिच्या जबड्याला तारा बांधलेल्या, ती कबुलीही देऊ शकत नव्हती आणि नकारही. वकीलबाईच्या संघटनेतली निम्मी माणसं निघून गेली. वर्तमानपत्रात यायचं ते छापून आलं. पण त्या दिवसापासून वकीलबाईनं कुणाला कारण बदलायला सांगितलं नाही, आणि भुवईवरच्या खुणेबद्दल विचारलं तर ती सरळ सांगायची, "भोंग्याच्या दारावर झालं."

तारा निघाल्या तेव्हा जबडा वाकडाच जुळला होता. भोंगा कामावर परतली, मागापाशी उभी राहिली, समोरच्या बाईला काहीतरी म्हणाली, आणि त्या बाईनं कपाळाला आठ्या घातल्या. पुन्हा म्हणाली. बाईनं मान हलवली. ओठ आता एका बाजूला ओढले जायचे, प आणि व सारखेच दिसायचे, ओळ कुठं तुटते ते कळायचं नाही. आवाजही पूर्वीचा राहिला नव्हता, नुसता फुसफुस. शेडभर फिरणारी कविता तिच्या तोंडातून निघून तिच्याच मागावर पडू लागली. घरी येऊन ती खाटेवर भिंतीकडे तोंड करून पडायची. कांडी आता तिच्याजवळच राहायची; ती तिला उठवायची, हनुवटी धरून तोंड दिव्याकडे वळवायची आणि म्हणायची, "मला येतं वाचता. बोल." आत्या तोवर गेली होती, आणि ते तोंड वाचता येणारी जगात ती एकच उरली होती.

एके दिवशी पाळी सुटल्यावर रुमालवाली त्यांच्या दाराशी आली. तीच, जी पाठ फिरवून गेली होती. जॉबरच्या दारानंतर दारं बंदच पडली होती आणि तिच्या नवऱ्याला जोर आला होता. या वेळी कपाळ नव्हतं, बरगड्या होत्या; श्वास घेताना तिचं तोंड वाकडं होत होतं. ती उंबऱ्याबाहेरच उभी राहिली.

"दार पाहिजे," ती म्हणाली.

"कुठल्या तोंडानं मागतेस?" कांडी म्हणाली. "मी वर गजाला धरून बघत होते. तुझी पाठ मला अजून दिसते."

रुमालवाली जायला वळली, आणि वळताना बरगडीला हात गेला. भोंगा खाटेवरून उठली, चपला शोधू लागली.

"तू जाणार?" कांडी तिच्यावर ओरडली. "हिच्यासाठी? तू जा. मी येणार नाही. म्हण तूच, कोण समजतंय बघू तुझं!"

भोंग्यानं चपला घातल्या आणि रुमालवालीला विचारलं, "कशानं? का?" रुमालवालीला ते वाचता आलं नाही, ती गोंधळून बघत राहिली. कांडीनं हातातलं भांडं आदळलं. "कशानं मारलं आणि का मारलं, असं विचारतेय ती," ती म्हणाली. "नीट सांग. सगळं सांग. खोटं सांगितलंस तर अर्ध्या रस्त्यातून परत जाईन."

वाटेत आणखी चौघी-पाचजणी मिळाल्या. पूर्वी गल्ली भरायची, आता ती रिकामीच वाटत होती. नवरा दारातच पाटावर बसून हातातल्या पट्ट्यानं दुसऱ्या हातावर चापट्या मारत होता. त्यानं त्यांना पाहिलं आणि तो थुंकला. भोंगा पुढं झाली, तिचे वाकडे ओठ हलले. गल्लीत काहीच ऐकू आलं नाही. तो हसायला लागला.

कांडीचे कान लाल झाले होते. आजवर चारचौघांसमोर ती कधी मोठ्यानं बोलली नव्हती, आणि या बाईसाठी तर तिला बोलायचंच नव्हतं. ती भोंग्याच्या शेजारी गेली, अंगाला अंग लावून उभी राहिली, मान वळवून तिच्या तोंडाकडे पाहिलं, आणि त्या माणसाला पहिली ओळ ऐकवली.